पार्टनर वारला: दावा फर्मवर होता की माणसांवर?

भागीदारीच्या धंद्याच्या, म्हणजे फर्मच्या, देण्याचा दावा असला आणि एखादा पार्टनर वारला की "पार्टनर गेला, आता दावा पडला" असं म्हणणारे एकीकडे आणि "दावा फर्मवर आहे ना, मग वारसांचं काय काम" असं म्हणणारे दुसरीकडे, आणि दोघंही आपलं घोडं दामटत असतात. अरे पण आधी दाव्याचं शीर्षक तर बघा! प्रतिवादी म्हणून फर्म लिहिलीय की माणसांची नावं?

माणसांची नावं असतील तर सगळ्यांना माहीत असलेलाच नियम. दिवाणी प्रक्रिया संहितेची (CPC) ऑर्डर 22, वारस 90 दिवसांत रेकॉर्डवर आणा, नाहीतर मयतापुरता दावा अबेट, म्हणजे आपोआप संपतो, मग ते अबेट होणं रद्द करून घ्यायला आणखी 60 दिवस, त्यानंतर उशीर माफीचा अर्ज. फर्मचं देणं सगळ्या पार्टनरांचं मिळून आणि प्रत्येकाचं वेगळंही असतं (पार्टनरशिप ॲक्टचं कलम 25), त्यामुळे बाकीच्या पार्टनरांवर दावा सहसा चालूच राहतो. यावर जास्त बोलत नाही.

घोळ होतो तो फर्मच्या नावाने केलेल्या दाव्यात. इथे ऑर्डर 30 चा रूल 4 लागतो: दावा दाखल व्हायच्या आधी पार्टनर वारला असो की चालू असताना, त्याचे वारस आणणं गरजेचं नाही. दावा अबेट होत नाही. आणि "पार्टनर मेला म्हणजे फर्म विसर्जित, मग फर्मच्या नावाने दावा कसा?" हा प्रश्न तर मला ऐकवतच नाही. डीडमध्ये (भागीदारीच्या करारात) वेगळं नसेल तर कलम 42 प्रमाणे फर्म विसर्जित होते हे खरंय, दोघांचीच असेल तर डीडमध्ये काहीही लिहा ती संपतेच, पण दाव्याचं कारण घडलं तेव्हा जे पार्टनर होते त्यांच्यावर फर्मच्या नावाने दावा करता येतो. फक्त फर्म विसर्जित झाल्याचं दाव्याआधीच माहीत असेल तर ज्याला ज्याला जबाबदार धरायचंय त्या प्रत्येकाला समन्स लावा.

आता खरी मेख. दावा टिकणं वेगळं आणि मयताच्या घराला हात लावता येणं वेगळं. रूल 4 फक्त पहिल्याची सोय करतो. फर्मविरुद्ध डिक्री (दाव्यातला कोर्टाचा हुकूम) झाली की फर्मच्या मालमत्तेवर, म्हणजे दुकानातला माल, फर्मचं बँक खातं, येणी यांच्यावर, ती सरळ चालते. पण पार्टनरच्या खाजगी मालमत्तेचा प्रश्न आला की ऑर्डर 21 रूल 50 आडवा येतो: ज्याला हजर होऊन उत्तर द्यायचं समन्सच मिळालेलं नाही त्याच्यावर त्या डिक्रीचा फर्मची मालमत्ता सोडून काही परिणाम होत नाही. आता जो पार्टनर दाव्याआधीच गेला त्याला समन्स कोण लावणार? म्हणजे समजा तीन भावांचं सिमेंटचं दुकान, थोरला वारला, गोदाम रिकामं, धाकट्या दोघांकडे काही नाही आणि थोरल्याच्या नावावर बंगला. सप्लायरने वारसांना न घेता नुसता फर्मवर दावा जिंकला तर दरखास्तीत (डिक्रीच्या वसुलीत) बंगल्याकडे बघत बसावं लागेल. म्हणून माझं ठाम मत, मयताच्या इस्टेटीवर डोळा असेल तर वारसांना पहिल्यापासून प्रतिवादी करा, गरज नसली तरी. "गरज नाही" म्हणजे "करू नये" असा अर्थ काही वकील का काढतात देव जाणे.

वारस आले तरी ते स्वतःच्या खिशातून देत नाहीत हं. मयताची जेवढी मालमत्ता त्यांच्या हाती आली तेवढ्यापुरतंच. मुलाचा स्वतःचा पगार, त्याने स्वतः घेतलेला फ्लॅट सेफ. शिवाय मयताची खाजगी कर्जं त्याच्या खाजगी मालमत्तेतून आधी फिटतात, उरलं तर फर्मची (कलम 49), सप्लायर लोक हे नेहमी विसरतात.

आणि बिलांच्या तारखा बघा! थोरला वारल्यानंतर उचललेल्या मालाचं बिल त्याच्या इस्टेटीच्या गळ्यात पडत नाही, डीडमध्ये फर्म पुढे चालेल असं लिहिलेलं असलं तरी नाही. निवृत्त पार्टनरला सुटायला जाहीर नोटीस द्यावी लागते तशी इथे लागतही नाही. तरी लोक मयताच्या तेराव्यानंतरची बिलं बिनधास्त त्याच दाव्यात जोडतात आणि मग उलटतपासणीत घाम पुसतात.