दोनशेपैकी दोनशे चौदा

जानेवारी २०२४ मध्ये तलाठी भरतीची गुणवत्ता यादी आली, तेव्हा आमच्या तालुक्याच्या अभ्यासिकेत आधी हशाच पिकला. पेपर दोनशे गुणांचा, आणि यादीत सर्वाधिक गुण २१४! "बाप्पा, हे वरचे चौदा काय घरून आणले का?" असं एकानं विचारलं. दुपारी तोच पोरगा रिस्पॉन्स शीट, म्हणजे आपण दिलेल्या उत्तरांची नोंद, उघडून बोटावर आकडेमोड करत बसला होता. त्याचे स्वतःचे गुणही यादीत वेगळे दिसत होते, आणि ते का, हे सांगणारं आजूबाजूला कोणी नव्हतं.

वऱ्हाडात म्हातारी माणसं तलाठ्याला अजून पटवारीच म्हणतात. हा पटवारी पूर्वी वतनानं यायचा. बापाचं दप्तर लेकाच्या काखेत. गुणवत्ता यादीचा प्रश्नच नव्हता. परीक्षा घेऊन नोकर निवडायची रीत वरून खाली झिरपत आली. १८५५ मध्ये लंडनला सनदी नोकरीची पहिली स्पर्धा परीक्षा झाली, १९२६ मध्ये दिल्लीत लोकसेवा आयोग आला, पुढे राज्यघटनेच्या कलम १६ नं सरकारी नोकरीत समान संधीची हमी दिली. तलाठ्यासारखी पदं मात्र बरीच वर्षं जिल्हा निवड समितीकडे होती. जिल्ह्याचा पेपर एक, दिवस एक. त्या काळची तक्रार वशिल्याची असे, गणिताची नव्हे.

गणित घुसलं ते संगणकासोबत. २०१७ मध्ये सरकारी भरतीच्या ऑनलाइन परीक्षांसाठी राज्याचं महापरीक्षा पोर्टल आलं आणि तक्रारींच्या ओझ्याखाली २०२० मध्ये बंद पडलं, पण ऑनलाइन परीक्षा राहिली. २०२३ च्या तलाठी भरतीला दहा लाखांवर अर्ज आले. एवढे संगणक एका वेळी आणायचे कुठून? म्हणून १७ ऑगस्ट ते १४ सप्टेंबर या काळात ५७ सत्रांत परीक्षा झाली. पद एकच, पेपर ५७. कोणाला सोपा लागला, कोणाला अवघड. तो फरक भरून काढायचा म्हणून नॉर्मलायझेशन, म्हणजे गुणांचं सामान्यीकरण.

त्याच्या पद्धती अनेक आहेत. एक साधी पद्धत समजुतीपुरत्या आकड्यांनी पाहू. एका अवघड सत्राची सरासरी ७० आणि प्रमाण विचलन, म्हणजे गुण सरासरीभोवती किती पसरलेत त्याचं माप, २५ धरा. हे माप म्हणजे एक पाऊल. त्यात १७० मिळवणारा सरासरीच्या चार पावलं पुढे आहे. सगळ्या सत्रांची मिळून सरासरी ९० आणि विचलन ३० असेल, तर तीच चार पावलं तिथे मोजायची: ९० अधिक १२०, झाले २१०. म्हणजे दोनशेच्या वर गुण जाणं हा आपोआप घोटाळ्याचा पुरावा ठरत नाही. पण हे हिशेबाचं कोष्टक यादीशेजारी मांडलेलं नसेल, तर संशय घेणाऱ्याला वेडा का म्हणायचं? प्रत्येक सत्राची सरासरी आणि विचलन छापलं, तर बारावी शिकलेला पोरगाही आपला गुण स्वतः ताडून पाहील.

दुसरं भांडण उत्तरतालिकेचं, आणि ते याहून जुनं आहे. १९८३ मध्ये कानपूर विद्यापीठाच्या खटल्यात सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या न्यायालयानं म्हटलं की तालिका बरोबरच धरायची, पण ती उघड चुकीची असल्याचं दाखवून दिलं तर विद्यार्थ्यानं बरोबर उत्तराची शिक्षा भोगायची नाही. आज तालिका आधी जाहीर होते, हरकती घेता येतात. हा हक्क असा भांडूनच मिळाला. २०११ मध्ये माहिती अधिकाराखाली स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्कही सर्वोच्च न्यायालयानं मान्य केला. २०१७ च्या डिसेंबरात मात्र त्याच न्यायालयानं हात आखडता घेतला: शंका उरली तर तिचा फायदा परीक्षा घेणाऱ्याला.

मला सगळ्यात विचार करायला लावतो तो २०१३ चा बिहारचा निकाल. कनिष्ठ अभियंत्यांच्या परीक्षेत शंभरपैकी ४१ उत्तरं तालिकेतच चुकलेली निघाली. तोवर माणसं नोकरीला लागून काही वर्षं झालेली. न्यायालयानं नव्या तालिकेनं पेपर पुन्हा तपासायला लावले, पण नव्या यादीत न बसणाऱ्यांना घरी पाठवलं नाही. त्यांना ज्येष्ठतेच्या तळाशी ठेवलं. चूक त्यांची नव्हतीच ना. पण प्रत्येक भरतीत अशी जादा जागा काढता येत नाही. यादी दुरुस्त झाली की एक नाव वर चढतं आणि एक खाली घसरतं, आणि ती दोन्ही नावं कधीकधी एकाच एसटीनं आलेली असतात.

गुण सारखे पडले तर आपल्या राज्यात पहिला मान आत्महत्याग्रस्त शेतकऱ्याच्या पाल्याला, मग वयानं मोठ्याला. यवतमाळकडे हा नियम कोणाला समजावून सांगावा लागत नाही.

त्या जानेवारीत निवड याद्या लागल्या त्या २३ जिल्ह्यांच्या. पेसाखालचे, म्हणजे आदिवासी भागांसाठीच्या पंचायत कायद्याखालचे, १३ जिल्हे न्यायालयीन वादामुळे थांबले, त्यात विदर्भातले चार: अमरावती, यवतमाळ, चंद्रपूर, गडचिरोली. अभ्यासिकेतला तो पोरगा यवतमाळचाच. त्यानं रिस्पॉन्स शीटची झेरॉक्स काढली, पॉलिथिनमध्ये गुंडाळली आणि सातबाऱ्याच्या कागदांसोबत पेटीत ठेवून दिली.