लाइफलाइन (अमेरिकी दूरध्वनी सवलत योजना)

लाइफलाइन ही अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत कमी उत्पन्नाच्या कुटुंबांना फोन किंवा इंटरनेटच्या मासिक बिलात सवलत देणारी केंद्रीय योजना आहे. इंटरनेट असलेल्या सेवेवर महिन्याला ९.२५ डॉलरपर्यंत, तर फक्त बोलण्याच्या सेवेवर ५.२५ डॉलरपर्यंत सवलत मिळते. आदिवासी राखीव भूमीवर राहणाऱ्यांना त्याखेरीज आणखी २५ डॉलरपर्यंत मिळतात. हे पैसे ग्राहकाच्या हातात पडत नाहीत, ते थेट फोन कंपनीला जातात. कंपनी जुन्या लँडलाइनवाल्याचे बिल तेवढ्याने कमी करते. प्रीपेड मोबाइल कंपन्या मात्र सवलतीच्या रकमेतच बसेल असा प्लॅन बेततात आणि ग्राहकाकडून काहीच घेत नाहीत. ‘सरकारी फुकट फोन’ ही ओळख त्यातून पडली. प्रत्यक्षात योजनेत हँडसेटसाठी एक पैसाही नाही. सिमसोबत साधा स्मार्टफोन मिळालाच तर तो कंपनीने स्वतःच्या खर्चाने दिलेला असतो. म्हणूनच तो बिघडला किंवा हरवला तर बदलून मागण्याचा हक्क योजनेतून मिळत नाही.

योजनेचे मूळ १९८४ साली झालेल्या एटी अँड टी या मक्तेदार फोन कंपनीच्या विभाजनात आहे. मक्तेदारीच्या काळात लांब पल्ल्याच्या महागड्या कॉलच्या कमाईतून स्थानिक फोन स्वस्त ठेवला जाई. विभाजनानंतर तो आधार गेला आणि प्रत्येक जोडणीवर नवा मासिक आकार बसला. गरिबांचे फोन त्यामुळे बंद पडतील, या काळजीने राष्ट्राध्यक्ष रेगन यांच्या कारकिर्दीत, १९८५ मध्ये, एफसीसी या दूरसंचार नियामक आयोगाने लाइफलाइन सुरू केली. १९९६ च्या दूरसंचार कायद्याने ‘सर्वांना सेवा’ या तत्त्वाला स्पष्ट कायदेशीर पाया दिला. त्यातून उभ्या राहिलेल्या निधीचा कारभार यूसॅक ही ना-नफा संस्था पाहते. २००५ मध्ये स्वतःचे जाळे नसलेल्या प्रीपेड मोबाइल कंपनीला योजनेचे दार उघडले, २००८ पासून असे मोबाइल प्रत्यक्ष वाटले जाऊ लागले, आणि लाभार्थ्यांची संख्या झपाट्याने वाढली. याच सुमारास लोकांच्या तोंडी ‘ओबामा फोन’ हे नाव बसले. नावामुळे झालेला समज चुकीचा आहे, योजना ओबामा यांच्या आधीच्या दोन दशकांपासून चालू होती.

पात्रता

पात्र ठरण्याचे मार्ग दोन. एक, कुटुंबाचे उत्पन्न केंद्र सरकारच्या दारिद्र्यरेषेच्या १३५ टक्क्यांपर्यंत असावे. २०२५ च्या आकड्यांनुसार अलास्का आणि हवाई वगळता इतर राज्यांत एकट्या माणसासाठी ही मर्यादा वर्षाला २१,१२८ डॉलर, तर चौघांच्या कुटुंबासाठी ४३,४०३ डॉलर येते. दारिद्र्यरेषा दरवर्षी बदलते, तेव्हा चालू वर्षाचा तक्ता पाहावा. दुसरा मार्ग म्हणजे कुटुंबातील कोणाही एकाला स्नॅप (अन्नासाठीची सरकारी मदत, पूर्वीचे फूड स्टँप), मेडिकेड (कमी उत्पन्नाच्या लोकांचा सरकारी आरोग्यविमा), एसएसआय (गरीब वृद्ध व अपंगांचे मासिक साहाय्य), केंद्रीय घरभाडे मदत किंवा माजी सैनिकांसाठीचे गरजाधारित निवृत्तिवेतन मिळत असणे. आदिवासी भूमीवर आणखी काही योजना धरल्या जातात. ज्याच्यापुढे दोन्ही मार्ग खुले आहेत त्याने दुसरा धरावा. उत्पन्न सिद्ध करायला गेल्या वर्षीचे कर विवरणपत्र किंवा सलग तीन महिन्यांच्या पगाराच्या पावत्या लागतात, आणि हंगामी किंवा रोजंदारीच्या कामात त्या सलग मिळणेच कठीण असते.

एका कुटुंबाला एकच सवलत मिळते. ती मोबाइलवर घ्या, लँडलाइनवर घ्या की घरच्या इंटरनेटवर, पण एकाच ठिकाणी. इथे ‘कुटुंब’ म्हणजे एका पत्त्यावर राहून उत्पन्न आणि खर्च दोन्ही वाटून घेणारी माणसे. नवरा-बायको एकत्र राहत असतील तर ते नेहमी एकच कुटुंब. पण एका फ्लॅटमध्ये राहणारे तिघे आपापला खर्च वेगळा चालवत असतील तर ती तीन कुटुंबे, आणि तिघांनाही वेगवेगळा लाभ मिळू शकतो. निवारागृह किंवा वृद्धाश्रमातही हाच नियम. अशा वेळी पत्ता आधीच नोंदलेला असल्याने अर्ज अडतो. तो सोडवायला ‘हाउसहोल्ड वर्कशीट’ नावाचा प्रश्नावलीचा फॉर्म (क्रमांक ५६३१) भरावा लागतो. हा फॉर्म न जोडल्याने कित्येक खरे पात्र लोक ‘दुबार अर्ज’ म्हणून परत फिरतात.

अमेरिकेतल्या मराठी घरांनी नेमके इथेच सावध असावे. मुलाकडे कायमचे राहायला गेलेल्या आई-वडिलांचे स्वतःचे उत्पन्न शून्य असले, तरी ते मुलाच्याच खर्चात राहत असतील तर कुटुंब एकच धरले जाते आणि मुलाचा पगार मोजला जातो. फॉर्मवर सही शपथेवर असते. वेगळे कुटुंब दाखवून घेतलेली सवलत पुढे महागात पडते.

अर्ज आणि कागदपत्रे

बहुतेक राज्यांत पात्रता कंपनी ठरवत नाही. ‘नॅशनल व्हेरिफायर’ ही यूसॅकची यंत्रणा ठरवते. अर्ज (फॉर्म क्रमांक ५६२९) ऑनलाइन, टपालाने किंवा कंपनीमार्फत करता येतो. पूर्ण कायदेशीर नाव, जन्मतारीख, राहता पत्ता आणि सोशल सिक्युरिटी या सरकारी ओळख क्रमांकाचे शेवटचे चार आकडे किंवा आदिवासी ओळख क्रमांक भरायचा असतो. यंत्रणा ही माहिती सरकारी नोंदींशी ताडून पाहते. मेडिकेड आणि केंद्रीय घरभाडे मदतीच्या नोंदी देशभर जोडलेल्या असल्याने तिथे मंजुरी अनेकदा काही मिनिटांत येते. स्नॅपची नोंद मात्र राज्याराज्याच्या ताब्यात असते, आणि ज्या राज्याची यंत्रणा जोडलेली नाही तिथे कागद मागितला जातो. एखाद्याला स्नॅप आणि मेडिकेड दोन्ही मिळत असेल, तर अर्जात मेडिकेडची खूण आवर्जून करावी.

कागद मागितला की त्यावर चार गोष्टी दिसायला हव्यात : लाभार्थीचे नाव, योजनेचे नाव, देणाऱ्या खात्याचे नाव, आणि गेल्या बारा महिन्यांतली तारीख किंवा अजून न उलटलेली मुदत. स्नॅपची रक्कम ज्यावर जमा होते त्या ईबीटी कार्डावर बहुधा अशी तारीख नसते, म्हणून नुसत्या कार्डाचा फोटो पाठवून काम होत नाही. खात्याकडून आलेले मंजुरीपत्र पाठवावे. फोटोत कागदाचे चारही कोपरे यावेत. राहता पत्ता म्हणून पोस्टाचा बॉक्स क्रमांक चालत नाही, पत्रव्यवहारासाठी तो देता येतो. बेघर माणसाला तात्पुरता पत्ता देता येतो किंवा नकाशावर जागा दाखवता येते.

नावातला फरक हे अर्ज अडण्याचे सर्रास आढळणारे कारण आहे. आपल्याकडे स्वतःचे, वडिलांचे किंवा नवऱ्याचे आणि आडनाव अशी तीन नावे लिहिण्याची रीत आहे. पासपोर्टात पहिली दोन एकाच रकान्यात येतात, सोशल सिक्युरिटी कार्डावर ती कधी फुटतात, तर मेडिकेडच्या नोंदीत मधले नाव गळते. ज्यांच्या पासपोर्टात एकच नाव आहे, त्यांच्या अमेरिकी कागदांवर पहिल्या नावाच्या जागी ‘एफएनयू’ (पहिले नाव अज्ञात) ही अक्षरे छापलेली असतात. अर्जात आपण रोज सांगतो ते नाव लिहू नये. ज्या योजनेच्या जोरावर पात्र ठरायचे आहे तिच्या पत्रावर जसे छापले आहे तसे लिहावे, आणि सोशल सिक्युरिटी कार्डाशी ते जुळत नसेल तर आधी कार्डावरची नोंद दुरुस्त करून घ्यावी.

मंजुरी म्हणजे फोन नव्हे. मंजुरीनंतर ९० दिवसांच्या आत मान्यताप्राप्त कंपनी निवडून तिच्याकडे नाव नोंदवावे लागते. ते राहून गेले तर अर्ज पुन्हा पहिल्यापासून. कॅलिफोर्नियात राज्याची स्वतःची लाइफलाइन योजना असून ती केंद्राच्या रकमेत भर घालते. तिची पत्रे भडक गुलाबी पाकिटात येत असत. जाहिरातीचे समजून ते पाकीट फेकून दिले की अर्ज तिथेच संपे.

कंपनी निवडताना तीन प्रश्न विचारावेत : आपल्या घरात नेमके कोणते मोबाइल जाळे पोचते, जुना नंबर आणता येईल का, आणि आपला हँडसेट चालेल का. बोलण्यासाठी महिन्याला किमान १,००० मिनिटे हा निकष २०१८ च्या डिसेंबरपासून, तर मोबाइल इंटरनेटवर ४.५ जीबी हा २०२० च्या डिसेंबरपासून लागू आहे. बरेच प्लॅन या किमान रेषेवरच थांबतात. फोन व डॉक्टरांच्या निरोपांपुरते तेवढे पुरते. मुलांचा ऑनलाइन अभ्यास किंवा व्हिडिओवरची तपासणी त्यात महिनाभर चालत नाही. रस्त्यावर तंबू लावून कागद गोळा करणाऱ्या विक्रेत्याकडे नोंदणी करण्यापेक्षा लाइफलाइनसपोर्ट डॉट ओआरजी या अधिकृत संकेतस्थळावर आधी स्वतः अर्ज करावा. नोंदणीच्या संख्येवर विक्रेत्यांना कमिशन देण्यास एफसीसीने २०१९ च्या आदेशाने बंदी घातली, कारण त्या कमिशनपायी खोट्या नोंदी होत आणि न विचारताच ग्राहक एका कंपनीतून दुसरीकडे हलवले जात.

सवलत टिकवणे

या योजनेत शिरण्यापेक्षा टिकून राहणे अवघड आहे, आणि गळती मुख्यतः इथे होते. पहिला सापळा वापराचा. ज्या सेवेसाठी ग्राहक दरमहा काही भरत नाही, ती सलग ३० दिवस वापरली नाही तर कंपनी १५ दिवसांची सूचना देते आणि तरीही वापर झाला नाही तर सेवा बंद करते. कॉल करणे, संदेश पाठवणे, इंटरनेट वापरणे, कंपनीखेरीज इतर कोणाचा कॉल उचलणे, हे वापरात धरले जाते. अडीअडचणीसाठी म्हणून फोन कपाटात जपून ठेवणाऱ्या वृद्धांचा फोन म्हणूनच नेमका अडचणीच्या वेळी बंद सापडतो. साधा उपाय म्हणजे आठवड्यातून एक कॉल ठरवून करणे. रुग्णालयात दाखल होण्याची वेळ आली तर घरच्यांनी फोन सोबत द्यावा.

दुसरा सापळा वार्षिक फेरतपासणीचा. यंत्रणा दरवर्षी नोंदी स्वतः तपासते. त्यांत नाव सापडले तर ग्राहकाला काहीच करावे लागत नाही. सापडले नाही तर पत्र येते आणि उत्तराला ६० दिवस मिळतात. पत्ता बदलल्यावर ३० दिवसांत कंपनीला कळवण्याचा नियम आहे. ते न कळवल्यास हे पत्र जुन्या घरी जाते, मुदत टळते, सवलत जाते. भाड्याची घरे वरचेवर बदलणाऱ्यांच्या बाबतीत हे सर्रास घडते. सेवेबरोबर नंबर गेला की बँकेचा ओटीपी, नोकरीसाठीचा कॉल, शाळेचा निरोप, सगळेच तुटते. म्हणून सेवा बंद होण्याची सूचना येताच नंबर दुसरीकडे हलवावा, सेवा पूर्ण बंद झाल्यावर तो परत मिळेलच असे नाही.

कौटुंबिक हिंसेतून सुटणाऱ्यांसाठी

२०२२ च्या ‘सेफ कनेक्शन्स’ कायद्याने यात मोलाची भर घातली. छळणाऱ्याच्या नावावरच्या फॅमिली प्लॅनमधून आपली आणि आपल्या ताब्यातील मुलांची लाइन वेगळी करून मागण्याचा हक्क पीडितेला मिळाला. पोलिसांतील तक्रार, न्यायालयाचा संरक्षण आदेश किंवा डॉक्टर, समाजसेवक अशा व्यक्तीचे पत्र जोडून अर्ज केल्यावर कंपनीने दोन कामाच्या दिवसांत लाइन वेगळी करायची असते, आणि त्यासाठी दंड किंवा शुल्क लावता येत नाही. अशा व्यक्तीचे उत्पन्न दारिद्र्यरेषेच्या २०० टक्क्यांपर्यंत असले, तरी तिला सहा महिन्यांपर्यंत लाइफलाइनची सवलत मिळू शकते. नवऱ्याच्या व्हिसावर आलेल्या आणि स्वतःच्या नावावर एकही बिल नसलेल्या स्त्रियांनी ही तरतूद माहीत करून घ्यायलाच हवी. लाइन वेगळी करण्याआधी एक काळजी घ्यावी : संपर्कासाठी सुरक्षित ई-मेल किंवा दुसरा नंबर द्यावा, म्हणजे कंपनीचा निरोप घरातल्या सामायिक खात्यावर जाणार नाही.

पैसा आणि वाद

निधी सरकारी तिजोरीतून येत नाही. दूरसंचार कंपन्यांनी आंतरराज्य व आंतरराष्ट्रीय सेवांच्या उत्पन्नाचा ठरावीक हिस्सा भरायचा असतो आणि त्या तो ग्राहकाच्या बिलात ‘युनिव्हर्सल सर्व्हिस’ या नावाने वसूल करतात. अशा उत्पन्नाचा पाया आकसत गेल्याने हा दर अलीकडे ३० टक्क्यांच्या वर गेला आहे. २०१२ मध्ये लाइफलाइनचा खर्च दोन अब्ज डॉलरच्या पुढे गेला. तेव्हा दुबार नोंदी शोधण्यासाठी राष्ट्रीय माहितीसंच उभारण्याचे ठरले आणि सवलत सरसकट ९.२५ डॉलर केली गेली. गैरव्यवहाराचा दोष लोक लाभार्थ्यांना देतात, पण मोठ्या रकमा कंपन्यांच्या पातळीवर लाटल्या गेल्या आहेत. फोन न वापरणाऱ्या ग्राहकांच्या नावे अनुदान घेतल्याच्या प्रकरणात स्प्रिंट या मोबाइल कंपनीची मालकी आलेल्या टी-मोबाइलने २०२० मध्ये २० कोटी डॉलर भरून तडजोड केली. निधीची रचनाच घटनाबाह्य असल्याचा दावा सर्वोच्च न्यायालयाने २७ जून २०२५ रोजी ६ विरुद्ध ३ मतांनी फेटाळला.

९.२५ डॉलर ही रक्कम एका तपापेक्षा जास्त काळ जागची हललेली नाही आणि आजच्या इंटरनेटच्या दरांपुढे ती तोकडी आहे. महामारीच्या काळात आलेल्या एसीपी या इंटरनेट सवलतीच्या योजनेतून महिन्याला ३० डॉलर मिळत, आणि २ कोटी ३० लाखांहून अधिक कुटुंबे तिचा लाभ घेत होती. पैसे संपल्याने ती १ जून २०२४ रोजी बंद झाली. एसीपीचे नाव सांगून नोंदणी मागणारा कोणीही आज खरा नाही.

भारतातील स्थिती

भारतात कुटुंबाला दरमहा फोनसवलत देणारी अशी केंद्रीय योजना नाही. २००२ मध्ये स्थापन झालेला, आता ‘डिजिटल भारत निधी’ म्हणून ओळखला जाणारा सार्वत्रिक सेवा निधीही कंपन्यांच्या महसुलातूनच उभा राहतो. तो प्रामुख्याने गडचिरोलीसारख्या भागांतले मनोरे आणि ग्रामपंचायतींपर्यंतची फायबर केबल यांवर खर्च होतो. कमी खर्चात नंबर चालू ठेवू पाहणाऱ्यांसाठी ट्राय या दूरसंचार नियामकाचे दोन नियम उपयोगी आहेत. डिसेंबर २०२४ च्या दुरुस्तीने कंपन्यांना इंटरनेट नसलेला, फक्त कॉल आणि एसएमएसचा रिचार्ज ठेवणे बंधनकारक झाले. प्रीपेड नंबर ९० दिवस न वापरल्यास बंद होऊ शकतो, मात्र खात्यात किमान २० रुपये शिल्लक असतील तर ती रक्कम कापून घेऊन नंबर आणखी ३० दिवस चालू ठेवावा लागतो.