'कार्निव्हल ऑफ सोल्स' आणि कँडेस हिलिगॉस: थोडी पार्श्वभूमी

जुने हॉरर सिनेमे बघणाऱ्या कितीतरी जणांना कँडेस हिलिगॉसचा चेहरा लगेच ओळखू येतो, पण नाव आठवत नाही. १९६२ च्या 'कार्निव्हल ऑफ सोल्स'मधली मेरी हेन्री म्हणजे ती. चर्चमध्ये ऑर्गन वाजवणारी, पुलावरून गाडी नदीत पडल्यावर बऱ्याच वेळाने चिखलाने माखून एकटीच वर येणारी.

डायरेक्टर हर्क हार्वी कॅन्ससमधल्या लॉरेन्स गावात सेंट्रॉन नावाच्या कंपनीत शाळा-कारखान्यांसाठी माहितीपट करायचा. कॅलिफोर्नियाहून परत येताना संध्याकाळच्या उजेडात त्याला युटाच्या ग्रेट सॉल्ट लेकच्या काठावरचं सॉल्टेअर नावाचं बंद पडलेलं करमणूक केंद्र दिसलं, आणि त्याने ऑफिसातल्या जॉन क्लिफर्डला सांगितलं की या जागेवर स्टोरी लिही, शेवटी मेलेली माणसं इथे नाचताना हवीत. साधारण ३३ हजार डॉलर, तीन आठवडे शूटिंग, बरेचसे कलाकार आजूबाजूचेच, हिरॉइन तेवढी न्यूयॉर्कहून आणलेली. मेरीला सारखा दिसणारा पांढऱ्या चेहऱ्याचा भुताटकी माणूस तर स्वतः हार्वीच झालाय.

कँडेस ॲक्टिंग शिकवणाऱ्या ली स्ट्रासबर्गकडे शिकलेली होती, म्हणजे भावना आतून खणून काढायच्या, आणि इथे रोल नेमका उलटा, हिला कुणाबद्दल काही वाटतच नाही. काही लोक म्हणतात ती कोरडी वाटते, मला हे अजिबात पटत नाही. दुकानात कपडे घालून बघताना अचानक सगळे आवाज बंद होतात, ती लोकांशी बोलायला जाते आणि कुणाला ती दिसतही नाही, ऐकूही येत नाही, तो सीन बघा. ती घाबरते, पण आधी गोंधळते, आणि तो गोंधळ इतका खरा आहे की आपल्यालाच कसंतरी होतं. चर्चमध्ये ऑर्गन वाजवता वाजवता तिचे हात भलतंच वाजवायला लागतात तो सीनही तसाच, संवाद जवळपास नाहीच, सगळं चेहऱ्यावर आणि बोटांत.

रिलीज मात्र वाईट झालं. डिस्ट्रिब्युटरने सिनेमा कापून ड्राइव्ह-इनमध्ये, म्हणजे गाडीत बसून बघायच्या उघड्या थिएटरांत लावला, मग ती कंपनीच बुडाली, करणाऱ्यांच्या हातात फारसं काही आलं नाही. शिवाय प्रिंटवर कॉपीराइटची नोटीस नव्हती, आणि तेव्हाच्या अमेरिकन कायद्यात नोटीस नसली की हक्क गेला. पण त्यामुळेच टीव्ही चॅनेलं तो रात्री उशिरा फुकटात दाखवत राहिली आणि सिनेमा जगला, १९८९ ला तर परत थिएटरमध्ये लागला.

तोवर हार्वी कधीच माहितीपटांकडे परत गेला होता, त्याने दुसरा फीचर केलाच नाही. कँडेसचा पुढचा सिनेमा १९६४ चा 'द कर्स ऑफ द लिव्हिंग कॉर्प्स', ॲक्टर रॉय शायडरचा पहिला सिनेमा. शायडर तिथून 'जॉज'पर्यंत पोचला आणि हिच्या वाट्याला मोठ्या पडद्यावरचं काम जवळपास आलंच नाही.