पांढरी सहा, मिलिमीटरला एक रेघ

लग्नाच्या डीजेमागे गाण्याबरोबर उसळणाऱ्या रंगीत कांड्या आपण सगळ्यांनी पाहिल्यात. तिथे यंत्र आवाज ऐकतं, त्यात खर्ज किती आणि तार किती ते मोजतं आणि त्या बेताने कांड्या उंचावतं. गाणं पुढे, चित्र त्याच्या मागे धावतंय. अ‍ॅनिमेशनकार नॉर्मन मॅक्लॅरेन यांनी 1971 साली कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डात केलेल्या ‘सिंक्रोमी’ या छोट्या अ‍ॅनिमेशनपटात ही धावपळच नाही. पडद्यावरचे रंगीत पट्टे हेच त्यातलं संगीत.

जुन्या 35 मिमी फिल्मचा तुकडा उजेडात धरला, की चौकटींच्या कडेने जाणारी अरुंद पट्टी दिसते. ती आवाजाची. प्रोजेक्टरमधला दिवा बारीक फटीतून तिच्यावर प्रकाश टाकतो. पट्टी सरकताना काळं आणि पारदर्शक आलटून पालटून येतं, पलीकडच्या फोटोसेलमधला (उजेडाची वीज करणाऱ्या भागातला) वीजप्रवाह तसा कमी-जास्त होतो आणि स्पीकर थरथरतो. समोर व्हायोलिन वाजलं होतं की कुणी नुसत्या रेघा मारल्या होत्या, याच्याशी यंत्राला देणंघेणं नाही.

मॅक्लॅरेननी रेघाच मारल्या. प्रत्येक स्वराचं रेघांचं एकेक कार्ड, आणि त्याचे फोटो थेट आवाजाच्या पट्टीवर. आता हिशेब बघा. सेकंदाला 24 चौकटी, दर चौकट 19 मिमी, म्हणजे फिल्म 456 मिमी सरकते. पेटीवरची पांढरी सहा हा स्वर सेकंदाला 440 कंपनांचा. दर मिलिमीटरला जवळपास एक काळी रेघ झाली! वरच्या सप्तकासाठी रेघा दुप्पट दाट, मोठ्या आवाजासाठी जास्त लांब. रेघांच्या कडा धारदार असल्याने प्रवाह झटक्यात चढतो, झटक्यात उतरतो. म्हणून सूर जुन्या व्हिडिओ गेमसारखा करकरीत लागतो. मला तो आवडतो, घरात इतर कुणाला नाही.

मग तीच नक्षी मोठी करून त्यांनी चित्राच्या चौकटीत आणली. खर्जाला जाड पट्टे, तारसप्तकाला बारीक. रंग मात्र स्वतःच्या मर्जीने भरले.

यात एक गोम आहे. चित्राची चौकट भिंगासमोर क्षणभर थांबावी लागते, आवाजाची पट्टी मात्र अखंड सरकायला हवी. त्यामुळे दोन्ही एकाच जागी वाचता येत नाहीत, आणि फिल्मवर आवाज आपल्या चित्राच्या सुमारे 20 चौकटी पुढे छापलेला असतो. ‘सिंक्रोमी’ची रीळ हातात घेतली, तर पट्टे आणि शेजारचा आवाज जुळणारच नाहीत.