इंफाळची एका दिवसाची कल्चरल ट्रिप आणि तिच्यामागचा पाचशे वर्षांचा इतिहास

इंफाळला जाणाऱ्यांना हॉटेलवाले किंवा टॅक्सीवाले एक दिवसाची जी "कल्चरल" ट्रिप सुचवतात ती साधारण ठरलेली असते. सकाळी कांगला हा मणिपूरच्या राजांचा जुना गड आणि गोविंदजीचं म्हणजे कृष्णाचं मंदिर, मग दक्षिणेकडे बिष्णुपूरचं विष्णू मंदिर, वाटेत रेड हिल, मोईरांगचं आझाद हिंद सेनेचं म्युझियम, वेळ उरला तर लोकटाक तलाव. दुसरा पर्याय आग्नेयेकडचा, म्हणजे खोंगजोमचं युद्धस्मारक, थोंगजाओ हे कुंभारांचं गाव आणि जमलं तर आंद्रो. बरेच लोक ही लिस्ट मंदिरं वेगळी, युद्ध वेगळं, हस्तकला वेगळी अशी तीन कप्प्यांत बघतात, फोटो काढतात आणि परत येतात. मला हे मनापासून खटकतं कारण या तिन्ही गोष्टी तिथे एकमेकींत इतक्या गुंतल्यात की एक सोडून दुसरी कळतच नाही, आणि त्यांना जोडणारा धागा म्हणजे इंफाळच्या खोऱ्यातून ब्रह्मदेशाकडे जाणारे दोन रस्ते. एक बिष्णुपूर-मोईरांग-चुराचांदपूरवरून खाली टिड्डिमकडे जातो आणि दुसरा थौबल-पाल्लेलवरून मोरे-तामूकडे.

सुरुवात बिष्णुपूरपासून करू, कारण या लिस्टमधलं सगळ्यात जुनं बांधकाम तेच. गावाचं आधीचं नाव लमांगदोंग. पंधराव्या शतकात राजा क्यांबा गादीवर होता (1467 ते 1508), त्याने पोंगच्या राजाशी म्हणजे वरच्या ब्रह्मदेशातल्या शान राजाशी हातमिळवणी करून ब्रह्मदेशच्या हद्दीवरच्या कबाव खोऱ्यातलं क्यांग जिंकलं, आणि त्या विजयानंतर पोंगच्या राजाने भेटी दिल्या त्यात विष्णूची एक छोटी मूर्ती होती. त्या मूर्तीसाठी लमांगदोंगला हे विटांचं मंदिर उभं राहिलं आणि पुढे गावच बिष्णुपूर झालं. मला यात सगळ्यात भारी वाटतं ते हे की विष्णू मणिपूरला आला तो बंगालकडून नाही तर उलट बाजूने, पूर्वेकडून, एका लढाईतून. आपण शाळेत जो इतिहास शिकतो त्यात सगळं पश्चिमेकडून पूर्वेला सरकत जातं, इथे तसं नाही. मंदिर आकाराने लहान आहे, दहा मिनिटांत बघून होतं, पण हे माहीत असलं की तिथून पाय निघत नाही.

पण तेव्हा राज्य वैष्णव झालं नव्हतं. मैतेई म्हणजे इंफाळ खोऱ्यातल्या लोकांचा स्वतःचा धर्म होता, आजही आहे, सनामही, पाखंगबा हे देव, जागोजागच्या देवराया आणि त्यांच्या देवता, लाय हराओबाचा उत्सव. अठराव्या शतकात चराइरोंगबा राजाने वैष्णव दीक्षा घेतली आणि त्याच्या मागून आलेला पामहैबा, जो गरीबनिवाज नावाने ओळखला जातो (1709 ते 1748), त्याने शांतिदास गोसाईंच्या प्रभावाखाली हा धर्म राजधर्म केला. ते शांततेत झालं नाही. जुन्या देवतांची ठाणी पाडली गेली, पुया म्हणजे जुन्या मैतेई लिपीतले ग्रंथ जाळले गेले, आणि ती आठवण आजही मणिपुरी माणसाला टोचते, दरवर्षी त्याचा दिवस पाळला जातो. त्यामुळे गोविंदजीच्या मंदिरात उभं राहून फक्त "किती सुंदर" म्हणणं अपुरं आहे, सुंदर तर आहेच, पण त्या भक्तीच्या मागे हा एक जाळलेला ढीगही आहे आणि दोन्ही खरं आहे.

त्यानंतरचा भाग्यचंद्र राजा मात्र वेगळा. ब्रह्मी फौजांनी त्याचं राज्य घेतलं तेव्हा तो आसामच्या अहोम राजाकडे आश्रयाला गेला, आणि परंपरा सांगते की तिथे त्याला स्वप्नात कृष्ण दिसला, राज्य परत मिळालं तर काइनाच्या टेकडीवरच्या फणसाच्या झाडातून माझी मूर्ती घडव असं सांगितलं. राज्य मिळालं, मूर्ती घडली, आणि 1779 मध्ये त्या गोविंदजीसमोर पहिली रासलीला झाली असं मानतात. आज आपण ज्याला मणिपुरी नृत्य म्हणतो त्याचा गाभा तिथे आहे. नट संकीर्तनाला, म्हणजे गात, वाजवत, नाचत होणाऱ्या तिथल्या कीर्तनाला, 2013 साली युनेस्कोच्या यादीत जागा मिळाली. आपल्याकडे वारीत पखवाजी तल्लीन झाला की कसा नाचत वाजवतो, तसाच तिथला पुंग वाजवणारा गळ्यात वाद्य घेऊन गिरकी घेतो, बघताना आपल्या माणसाला ओळखीचं वाटतं.

यापुढची सात वर्षं समजून घेतल्याशिवाय ट्रिपमधलं पुढचं काहीच कळणार नाही. 1819 ते 1826, मणिपुरीत त्या काळाला चही तारेत खुंताकपा म्हणतात, सात वर्षांची वाताहत. ब्रह्मी सैन्याने खोरं उजाड केलं, लोक कछार, सिल्हेटकडे पळाले, हजारो कैद करून नेले. मणिपुरी राजपुत्र गंभीर सिंहाने इंग्रजांच्या मदतीने राज्य परत मिळवलं, 1826 चा यांदाबोचा तह झाला, पण 1834 साली इंग्रजांनी कबाव खोरं ब्रह्मदेशाला देऊन टाकलं, ज्या खोऱ्याच्या विजयातून बिष्णुपूरची मूर्ती आली होती तेच. आणि मदत घेतल्यावर जे व्हायचं ते झालं, इंग्रजांचा पोलिटिकल एजंट इंफाळमध्ये कायमचा येऊन बसला.

त्याचा शेवट 1891 मध्ये. राजघराण्यात भावाभावांचं भांडण, 1890 मध्ये महाराजा सूरचंद्राने गादी सोडली, कुलचंद्र राजा झाला, पण खरी सूत्रं सेनापती टिकेंद्रजितच्या हातात. आसामचा चीफ कमिशनर क्विंटन फौज घेऊन आला, म्हणाला कुलचंद्राला मान्यता देतो पण टिकेंद्रजितला आमच्या ताब्यात द्या. 24 मार्च 1891 ला पहाटे त्याच्या वाड्यावर हल्ला केला, तो फसला, आणि रात्री वाटाघाटीला कांगलात आलेल्या क्विंटनसह पाच इंग्रज अधिकाऱ्यांना ठार मारलं गेलं. मग कोहिमा, सिलचर आणि तामू अशा तीन बाजूंनी फौजा चालून आल्या. तामूकडून येणाऱ्या तुकडीला मणिपुरींनी खोंगजोमला अडवलं. समोर तोफा आणि आधुनिक रायफली, यांच्याकडे बऱ्याच जणांच्या हातात तलवारी आणि भाले. मणिपुरी सेनाधिकारी पाओना ब्रजबासी तिथेच पडला, सांगतात की त्याला बाजू बदलायची ऑफर दिली होती आणि त्याने ती धुडकावली. दरवर्षी 23 एप्रिलला तिथे खोंगजोम दिवस असतो, आणि ढोलकीवर गायल्या जाणाऱ्या खोंगजोम पर्व नावाच्या पोवाड्यासारख्या गाण्यांचा एक अख्खा प्रकार या लढाईतून जन्माला आला. टिकेंद्रजित आणि म्हातारे थांगाल जनरल यांना 13 ऑगस्ट 1891 ला इंफाळमध्ये जाहीर फाशी दिली.

कांगलाच्या दारातले कांगला शा, ते दोन पांढरे शिंगवाले सिंहासारखे प्राणी, तेही इंग्रजांनी तेव्हाच उद्ध्वस्त केले. आज दिसतात ते नंतर परत उभारलेले. गड आधी इंग्रजांच्या आणि स्वातंत्र्यानंतर आसाम रायफल्सच्या ताब्यात राहिला, तो 20 नोव्हेंबर 2004 ला राज्याकडे आला. म्हणजे मणिपुरी माणसाला स्वतःच्या सगळ्यात पवित्र जागेत मोकळेपणाने पाऊल टाकायला 113 वर्षं लागली, हे लक्षात ठेवून आत जावं. गोविंदजीचं आजचं मंदिरही याच घटनेमुळे कांगलात नाही. इंग्रजांनी गादीवर बसवलेला छोटा चुराचांद मोठा झाल्यावर त्याचा राजवाडा नव्या जागी झाला आणि देवही तिकडे गेले. कांगलातलं जुनं मंदिर रिकामं उभं आहे.

मग 1944, दुसरं महायुद्ध. जपानच्या जनरल मुतागुचीच्या पंधराव्या आर्मीने मार्चमध्ये चाल केली, तेही त्याच रस्त्यांनी. 33 वी डिव्हिजन टिड्डिम रोडने वर आली आणि तिचाच एक भाग तामू-पाल्लेल रस्त्यावर झगडत राहिला. बिष्णुपूर, निंगथौखोंग, पोत्सांगबाम ही आज गाडीतून पटकन मागे जाणारी गावं तेव्हा घराघरासाठी लढवली गेली, गुरखा रायफल्सच्या गंजू लामांना व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला तो 12 जूनच्या निंगथौखोंगच्या लढाईबद्दल. रेड हिल म्हणजे माइबाम लोकपा चिंग, इंफाळपासून जेमतेम 17 किलोमीटर, तिथपर्यंत जपानी पोचले होते. 22 जूनला वेढ्यातल्या इंफाळसाठी कोहिमा रस्ता मोकळा झाला आणि जुलैपर्यंत ती जपानी फौज उपासमार, मलेरिया आणि पावसात मोडून पडली. टेकडीच्या पायथ्याशी जपानने 1994 मध्ये स्मारक बांधलं, शेजारी 2019 मध्ये पीस म्युझियम झालं. इंफाळ शहरात वॉर सिमेट्रीमध्ये सुमारे 1600 थडगी आहेत, ती बहुतेक लोक बघतात. इंडियन आर्मी वॉर सिमेट्री वेगळी आहे, तिथे कमी जातात, आणि तिथेच दहन झालेल्या 868 हिंदू आणि शीख जवानांची नावं कोरलेलं स्मारक आहे. माझं म्हणणं, एकच बघायला वेळ असेल तर हे बघा.

आणि मराठी माणसासाठी एक गोष्ट सांगितलीच पाहिजे. मार्च 1944 मध्ये उखरूलजवळ सांगशाकच्या टेकडीवर पॅराशूट ब्रिगेडबरोबर मराठा लाइट इन्फन्ट्रीची चौथी बटालियन होती. पाणी नाही, तारेचं कुंपण नाही, खडकामुळे खंदक धड खणता येईनात, तरी 26 मार्चपर्यंत त्यांनी जपानी पुढची चाल रोखून धरली आणि त्या दिवसांनी इंफाळ-कोहिमाला तयारीला वेळ मिळाला. यशवंत घाडगे आणि नामदेव जाधव यांचे इटलीतले पराक्रम आपल्याला माहीत असतात, सांगशाकचं नाव सातारा-कोल्हापूरकडेही फारसं कोणी घेत नाही. ते एका दिवसाच्या ट्रिपमध्ये बसत नाही, वेगळा दिवस काढावा लागतो.

मोईरांगला 14 एप्रिल 1944 ला जपान्यांबरोबर आलेल्या आझाद हिंद सेनेच्या कर्नल शौकत मलिक यांनी तिरंगा फडकवला. त्यांना साथ देणारे स्थानिक कार्यकर्ते मैरेम्बम कोइरेंग सिंह पुढे मणिपूरचे पहिले मुख्यमंत्री झाले. सिंगापूरचं आझाद हिंद सेनेचं स्मारक इंग्रजांनी 1945 मध्ये सुरुंगाने उडवलं होतं, त्याची प्रतिकृती मोईरांगला आहे.

आता कुंभारांची गावं, जिथे लोक शेवटी अर्धा तास देतात आणि माझ्या मते जिथे सगळ्यात जास्त वेळ द्यायला हवा. आंद्रो हे चाकपा लोकांचं गाव, लोई म्हणून ओळखल्या गेलेल्या गावांपैकी एक. राजांच्या काळात लल्लुप नावाची पद्धत होती, मैतेई पुरुषाने ठराविक दिवस राज्यासाठी राबायचं. लोई गावं त्या चौकटीच्या बाहेर, ती राजाला आपला माल खंडणी म्हणून द्यायची, कोणी मडकी, कोणी मीठ, कोणी रेशीम, कोणी भाताची दारू. वैष्णव धर्म आला तो या गावांनी घेतला नाही, म्हणून त्यांना हलकं लेखलं गेलं, शिक्षा झालेल्यांना तिथे पाठवायचे, आणि आजही लोई हे अनुसूचित जातींच्या यादीत आहेत. पण त्याच वेगळेपणामुळे दरबारात जे पुसलं गेलं ते आंद्रोत टिकलं. पानम निंगथौ या देवतेच्या ठाण्यात अखंड अग्नी आहे, गावातली घरं पाळीपाळीने तो जपतात.

मडकी तिथे परंपरेने लग्न झालेल्या बायकाच करतात. चाक नाही. मातीचा गोळा ठोकळ्यावर, आणि बाई स्वतः त्याच्याभोवती फिरते, आतून दगडाचा आधार, बाहेरून लाकडी थापटणं. भाजणं उघड्यावर, पेंढ्यात. जन्म, लग्न, मरण, प्रत्येकाचं भांडं वेगळं, म्हणून स्टील आणि प्लास्टिक येऊनही मागणी पूर्ण मेली नाही. खोंगजोमच्या बाजूच्या थोंगजाओतही हीच रीत, तिथल्या नीलमणी देवींना 2007 मध्ये पद्मश्री मिळाली. आंद्रोत मुतुआ म्युझियमचं सांस्कृतिक संकुल आहे, तिथे वेगवेगळ्या जमातींची भांडी एकत्र बघता येतात. विकत घ्यायचं तर इंफाळच्या शोरूमपेक्षा गावात घ्या, आणि घासाघीस करू नका, एका मडक्यामागे किती वेळ जातो ते समोर दिसत असतं.

आणि आजचं. 3 मे 2023 पासून मणिपूर मैतेई आणि कुकी-झो यांच्यातल्या हिंसाचारात होरपळतंय आणि मोईरांग-चुराचांदपूरचा पट्टा या दोघांच्या भागांच्या ऐन सीमेवर आहे. सप्टेंबर 2024 मध्ये मोईरांगला ज्या कोइरेंग सिंहांचं नाव वर आलं त्यांच्याच घराच्या आवारात रॉकेट पडून एक वृद्ध गृहस्थ गेले. म्हणून प्लॅन करताना आधी तिथल्या माणसाशी बोलून रस्ता चालू आहे का ते विचारा, 2020 पासून बाहेरच्यांना इनर लाइन परमिट लागतं ते आधी काढा, आणि मोईरांगकडे जाऊ नका असं कोणी सांगितलं तर ऐका, आंद्रो आणि कांगला यांना मिळूनही एक अख्खा दिवस पुरत नाही.