प्रसार मोजला म्हणजे परिणाम कळला, असं नाही

चुकीची माहिती नकळत पुढे जाते, अपप्रचार मुद्दाम रचलेला असतो. हा फरक आता सगळ्यांना पाठ आहे. खरा घोळ आहे तो प्रसार आणि परिणाम यांत. इंदूरमधल्या कॉलेजांच्या प्रकल्पांत आणि आपल्या मंडळांतल्या भाषणांतही तेच वाक्य येतं: ‘इतक्या लाख लोकांनी व्हिडिओ पाहिला, म्हणजे तेवढ्यांची दिशाभूल झाली.’ त्यातला ‘म्हणजे’ कुणीच तपासलेला नसतो.

प्रसाराचा अभ्यास कुणी, केव्हा, किती जणांपर्यंत पोचवलं एवढंच सांगतो. २०१८ मध्ये ‘सायन्स’ या शोधपत्रिकेत आलेला ट्विटरचा अभ्यास घ्या. सुमारे १,२६,००० बातम्या तपासल्या. १५०० जणांपर्यंत पोचायला खऱ्या बातमीला खोटीच्या सहापट वेळ लागला. वाचणाऱ्यांचं मत बदललं का, हे त्यातून कळत नाही. व्हॉट्सअ‍ॅपवर तर प्रसारही धड मोजता येत नाही. दुहेरी बाण दिसला की मेसेज निदान पाच वेळा पुढे ढकलला गेलाय एवढंच समजायचं. किती जणांनी वाचला, ते नाही.

परिणामासाठी तुलना लागतेच. २०२१ मध्ये ‘नेचर ह्यूमन बिहेवियर’ या शोधपत्रिकेत आलेल्या प्रयोगात ब्रिटन आणि अमेरिकेत प्रत्येकी सुमारे ४००० जणांना आधी विचारलं, कोरोनाची लस घ्याल का? मग चिठ्ठ्या टाकल्यासारखे गट पाडून काहींना खोटे मजकूर दाखवले, काहींना खरे, आणि पुन्हा विचारलं. खोटं पाहिलेल्यांत ‘नक्की घेणार’ म्हणणारे, खरं पाहिलेल्यांच्या तुलनेत, ब्रिटनमध्ये ६.२ आणि अमेरिकेत ६.४ टक्केबिंदूंनी घटले. हासुद्धा इरादाच, प्रत्यक्षात लस कुणी टाळली, ते यात नाही.

गट आपणच, चिठ्ठ्या टाकून पाडायचे, हे इथे सर्वांत महत्त्वाचं. ग्रुपवर मेसेज वाचलेले आणि न वाचलेले यांची तुलना करू नका. ज्याला ते आधीच पटलेलं असतं तोच तो उघडतो, तोच पुढे पाठवतो; मग मूळ कल मेसेजच्या माथी मारला जातो.

१ एप्रिल २०२० ला, कोरोनाच्या काळात, इंदूरच्या टाटपट्टी बाखलमध्ये (बाखल म्हणजे वस्ती) आरोग्य पथकावर दगडफेक झाली. ‘व्हॉट्सअ‍ॅपच्या अफवांमुळे’ असं अजून ठामपणे सांगितलं जातं. असेलही. पण तेच मेसेज दुसऱ्या कोणत्या बाखलींत फिरले आणि तिथे काय झालं, घरच्यांना उचलून क्वारंटाइनमध्ये नेतील ही भीती किती होती, हे पाहिल्याशिवाय तो नुसता अंदाज आहे.

स्वतः प्रयोग करणार असाल तर दोन आठवड्यांनी तेच प्रश्न पुन्हा विचारा, कारण लगेच दिसलेला बदल बऱ्याचदा ओसरतो. आणि खोटा मजकूर दाखवलेल्या प्रत्येकाला, शेवटचं उत्तर घेतल्यावर लगेच, त्यातलं काय खोटं होतं ते लेखी द्या.