सावेदादांचा कॅमेरा

आपल्याकडे सिनेमाची गोष्ट दादासाहेब फाळक्यांपासून सुरू करायची सवय आहे. कथापटापुरतं ते ठीक. पण समोर घडतंय ते कॅमेऱ्यात टिपायचं, म्हणजे आज ज्याला आपण माहितीपट म्हणतो, ते काम मुंबईत १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'आधी १४ वर्षं सुरू झालं होतं. ते करणारे गृहस्थही हरिश्चंद्रच! हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, ऊर्फ सावेदादा.

७ जुलै १८९६ रोजी काळा घोड्याजवळच्या वॉटसन हॉटेलात फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंच्या 'हलत्या चित्रां'चा खेळ झाला. तिकीट एक रुपया. सावेदादांचा तेव्हा फोटोग्राफीचा व्यवसाय होता. या खेळांनी त्यांना झपाटलं आणि त्यांनी इंग्लंडहून रायली कंपनीचा कॅमेरा मागवला. किंमत २१ गिनी.

१८९९ मध्ये मलबार हिलच्या हँगिंग गार्डनमध्ये त्यांनी पुंडलिक आणि कृष्णा न्हावी या पैलवानांची कुस्ती लावली आणि चित्रित केली. विषय मला फार हुशारीचा वाटतो. उघड्यावरचा लख्ख उजेड, माणसं हौद्याबाहेर जाणार नाहीत, आणि हालचाल तर हवी तेवढी. पण चित्रण झालं म्हणजे काम झालं असं नव्हतं. फिल्म धुवायला बोटीनं लंडनला जायची. कुस्ती कशी उतरली, हे ती परत येईपर्यंत खुद्द काढणाऱ्यालाही ठाऊक नसे. दरम्यान सावेदादांनी प्रोजेक्टर घेतला आणि परदेशी फिल्म्सचे खेळ लावायला सुरुवात केली. कॅमेरामन, निर्माता आणि खेळवाला, तिन्ही एकच माणूस. पुढे माकडवाल्याचा खेळही त्यांनी टिपला.

खरी उडी मात्र डिसेंबर १९०१ ची. दापोली तालुक्यातले रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे केंब्रिजला १८९९ साली सीनियर रँग्लर, म्हणजे गणिताच्या परीक्षेत पहिले, झाले होते. हा मान मिळवणारे ते पहिले भारतीय. ते मुंबईला परतले तेव्हा स्वागताला लोटलेली गर्दी सावेदादांनी चित्रित केली. कुस्ती मुद्दाम लावता येते, माकडवाल्याला पुन्हा बोलावता येतं. रँग्लर काही दुसऱ्यांदा बोटीतून उतरणार नव्हते. भारतातला पहिला वार्तापट म्हणून याच चित्रणाचं नाव घेतलं जातं. १९०३ च्या दिल्ली दरबाराचं, म्हणजे सातव्या एडवर्डच्या राज्यारोहणानिमित्त लॉर्ड कर्झननं भरवलेल्या सोहळ्याचंही चित्रण त्यांनी केलं.

त्यानंतर कॅमेरा मागे पडला. सावेदादा बोरीबंदरसमोरच्या गेइटी थिएटरचे व्यवस्थापक झाले आणि पैसा त्यांना तिथे मिळाला, इतरांचे चित्रपट दाखवून. या गेइटीचंच पुढे कॅपिटॉल झालं. सावेदादा १९५८ मध्ये गेले. तोवर सरकारी फिल्म्स डिव्हिजनला १० वर्षं झाली होती आणि थिएटरांत मुख्य चित्रपटाआधी माहितीपट दाखवणं सक्तीचं होतं. हँगिंग गार्डनमधली ती कुस्ती मात्र आज कुठेच पाहायला मिळत नाही.